वाड्यातलं वाड्यात राहिलं नाही तेव्हा

१७४० सालच्या आरंभी थोरले बाजीराव गोदावरीच्या काठी होते. निजामाचा मुलगा नासिरजंग याच्याशी औरंगाबादेच्या आसपास झटापटी चालू होत्या. फेब्रुवारी सरता सरता पैठणसमोरच्या मुंगीला तह झाला, हांडिया आणि खरगोणची जहागीर पेशव्यांना मिळाली. त्याच दिवसांत पुण्यात राघोबादादांची मुंज होती, सदाशिवरावांचं लग्न होतं आणि मस्तानी कैदेत होती. राव मांडवात असतील तर आम्ही पाटावर बसणार नाही, असं ब्रह्मवृंदाने बजावल्याचं सांगतात. तहानंतर बाजीराव पुण्याला गेलेच नाहीत. उत्तरेकडे निघाले आणि २८ एप्रिलला नर्मदेकाठी रावेरखेडीला वारले. पाठोपाठ मस्तानीही गेली. तिची कबर पाबळला आहे.

मराठी ऐतिहासिक कादंबरीत खानदानी घराण्यांना हादरवणाऱ्या बाईचा विषय निघाला की गाडी आधी मस्तानीवर येते. तिची गोष्ट आपण प्रेमाची म्हणून वाचतो, आणि मला वाटतं तिथेच थोडं चुकतं. पेशवाईत नाटकशाळा होत्या, कुणबिणी म्हणजे दासी होत्या, सरदारांच्या वाड्यांत लेकावळे, म्हणजे त्यांच्या पोटची मुलं, वाढत होती. त्याचं कुणाला काही वाटत नव्हतं. एखादी कलावंतीण ठेवली म्हणून भटजींनी मुंज अडवल्याचं मी तरी वाचलेलं नाही. इथे दुखणं वेगळं होतं. मस्तानीला बायकोचा मान हवा होता आणि तिच्या मुलाची मुंज करायची बाजीरावांची इच्छा होती. १७३४ साली जन्मलेल्या त्या मुलाची मुंज झाली नाही. तो समशेर बहाद्दर म्हणून वाढला, पानिपतात मराठ्यांच्या बाजूने लढला, जखमी झाला आणि गेला. बांद्याचे नवाब ते त्याचे वंशज. बोभाटा झाला तो पंगतीतल्या पाटाचा. शेजेवर कोण आहे, याची फिकीर कुणाला नव्हती.

मराठवाड्यात गढीच्या सावलीत वाढलेल्यांना हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. आमची आजी देशमुखांच्या गढीतल्या कुणाची गोष्ट सांगताना निवडायचं सूप मांडीवरून खाली ठेवायची, दाराकडे एकदा बघायची आणि मग आवाज उतरवायची. तो कुठे जात होता, हे ती मोठ्याने सांगे. आवाज उतरायचा तो "तिनं वाटा मागितला" इथे. शेवट मात्र ठरलेला: "जाऊ दे लेकरा, वाड्यातलं वाड्यातच ऱ्हावं."

कादंबरीचा धंदाच वाड्यातलं बाहेर आणण्याचा. तरी मराठी कादंबरीने ऐतिहासिक विषयात हे काम बराच काळ टाळलं. वाचकाला त्यात रस नव्हता असं नाही. लंडनच्या राजदरबारातली लफडी १८४८पासून अंकाअंकाने छापणारा इंग्रज कादंबरीकार रेनॉल्ड्स आपल्याकडे अधाशासारखा वाचला जायचा. हरिभाऊ आपट्यांनीही सुरुवातीच्या 'मधली स्थिती'साठी त्याच्याच एका कादंबरीचा आधार घेतला. म्हणजे उमरावांच्या घरातली कुलंगडी वाचायची चटक एकोणिसाव्या शतकातच लागली होती. पण ती साहेबाच्या उमरावांची होती. आपल्या सरदारांकडे वळताच लेखणी सोवळं नेसायची. १८७१ साली गुंजीकरांची 'मोचनगड' आली आणि मराठी ऐतिहासिक कादंबरी शिवकाळात शिरली. राज्य गेलेल्या माणसांना इतिहासातून अभिमान हवा होता. त्या गरजेत बाईला वीरमाता, वीरपत्नी किंवा सती एवढ्याच भूमिका उरल्या. चौथी होती कारस्थानी बाईची, आणि ती आनंदीबाईसाठी राखीव होती. ३० ऑगस्ट १७७३ला नारायणरावांचा खून झाला. पत्रातल्या 'ध'चा 'मा' कुणी केला, याचा सज्जड पुरावा कुणी दाखवलेला नाही, पण म्हण मात्र तिच्या नावावर कायमची चढली.

बदल कागदपत्रांनी घडवला. १८९८ला इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांनी मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचा पहिला खंड काढला. पुढे १९३० ते १९३४ या काळात सरदेसायांच्या देखरेखीखाली पेशवे दफ्तराचे ४५ खंड निघाले, त्यातला एक बाजीराव आणि त्यांच्या कुटुंबाबद्दल. मस्तानीला कैदेत कसं ठेवायचं, रावांना कसं आवरायचं, ही घरातली काळजी आता छापील पानावर वाचायला मिळू लागली. तरीही साठच्या दशकात जी लाट आली तिने आधी सोज्वळ जोडपं निवडलं. १९६२ची 'स्वामी' माधवराव आणि सती गेलेल्या रमाबाईंची. मस्तानीला ना. सं. इनामदारांच्या 'राऊ'पर्यंत, म्हणजे १९७२पर्यंत थांबावं लागलं.

मधल्या काळात नांदेडहून एक गोष्ट घडली होती. 'श्रीमान योगी' १९६८ला आली तेव्हा तिला प्रस्तावना म्हणून नरहर कुरुंदकरांचं पत्र जोडलेलं होतं, रणजित देसाईंना लिहिलेलं. पूज्य माणसाला देव न करता माणूस म्हणून कसं समजून घ्यायचं, हा त्या पत्राचा रोख. पुष्कळांनी कादंबरीच्या आधी ते पत्र वाचलं, काहींनी नुसतं पत्रच. महापुरुषाबद्दल असं विचारता येतं, तर बदनाम बाईबद्दलही विचारता यायला हवं होतं. ते काम कुरुंदकरांचं नव्हतं, पण वाट त्यांनी मोकळी केली होती.

आता आपल्याच जमिनीकडे बघू. दरबार हादरवणाऱ्या किंवा दरबारात ज्यांची चर्चा झाली अशा बायकांची मराठवाड्यात वाण नाही. सगळ्यात जुनी गोष्ट वेरूळची. गुजरातच्या कर्ण वाघेल्याची मुलगी देवलदेवी देवगिरीच्या यादवांकडे लग्नासाठी निघाली होती. १३०६-०७च्या सुमाराची गोष्ट. खिलजीच्या फौजेतले काही शिपाई लेणी पाहायला म्हणून बाजूला गेले आणि तिथे त्यांची गाठ तिच्या सोबतच्या तुकडीशी पडली, असं फारसी तवारीखकार फरिश्ता लिहितो. तिला दिल्लीला नेलं. शहजादा खिज्रखान आणि तिच्या प्रेमावर अमीर खुस्रोने मोठी मसनवी, म्हणजे दीर्घ कथाकाव्य, रचली. काही इतिहासकारांना या सगळ्या कथेबद्दलच शंका आहे. पण गुजरातीने ती सोडली नाही. १८६६ची 'करणघेलो' ही गुजरातीतली पहिली कादंबरी मानतात, आणि तिचा नायक देवलचा बाप. राज्य बुडायचं कारण काय, तर त्याने प्रधानाची बायको पळवली! घटना आपल्या डोंगरात घडलेली, कादंबरी मात्र सुरतेच्या माणसाची.

दुसरी हिराबाई, म्हणजेच जैनाबादी. १६५३च्या सुमाराला औरंगजेब दख्खनचा सुभेदार म्हणून येत होता. बुऱ्हाणपूरजवळ तापीपलीकडच्या जैनाबादच्या बागेत तो मावशीच्या घरच्या बायकांसोबत फिरत होता. एक आंबा फळांनी लगडलेला होता. शहजाद्याच्या समोरच एका गाणारीने उडी मारली आणि फळ तोडलं. बस्स, एवढंच. मावशीच्या नवऱ्याकडून त्याने तिला मागून घेतली. पुढे एकदा तिने दारूचा पेला त्याच्या हातात दिला आणि पी म्हणून हट्ट धरला. त्याने हातापाया पडून पाहिलं. शेवटी पेला ओठांशी नेला, तेवढ्यात तिनेच तो काढून घेतला. मला तुझं प्रेम बघायचं होतं, तुझं तोंड कडू करायचं नव्हतं, अशा अर्थाचं ती बोलली. दाराशुकोहने ही बातमी मीठमसाला लावून शाहजहानच्या कानावर घातली, की बघा या धर्मनिष्ठाचं ढोंग. ती तरुणपणीच वारली आणि तिला औरंगाबादेत, आजच्या छत्रपती संभाजीनगरात, मोठ्या तळ्याजवळ पुरलं.

पुढे निजामाच्या राजवटीत तर अशा बायकांनी लेखणीच हातात घेतली. औरंगाबादच्या लुत्फुन्निसा 'इम्तियाज' यांचा उर्दू दिवाण, म्हणजे कवितासंग्रह, १७९७चा. लगेच पुढच्या वर्षीचा हैदराबादच्या माहलका बाई चंदाचा, १२५ गझलांचा. चंदा तवायफ होती. निजामअलीबरोबर मोहिमांवर मर्दानी पोशाखात घोड्यावर जायची, तिच्या नावे जहागिरी होत्या. १७९९ला तिने आपल्या दिवाणाची प्रत इंग्रज कप्तान माल्कमला भेट दिली, ती आता लंडनला आहे. त्याच हैदराबादेत सय्यद घराण्यातली खैरुन्निसा इंग्रज रेसिडेंट कर्कपॅट्रिकशी लग्न करून बसली. तिकडे सय्यदांची अब्रू गेली, इकडे गव्हर्नर जनरल वेल्स्लीने चौकशी लावली. एका लग्नाने दोन दरबार पेटले.

मग यांच्यावर मराठी कादंबऱ्यांची रास का नाही? माझ्या मते कारण साधं आहे. कादंबरी पुण्या-मुंबईत लिहिली गेली आणि तिचे कागद मोडीत होते. आमच्या बायकांचे कागद फारसीत आणि उर्दूत. हैदराबाद संस्थानात १८८४पासून कारभार उर्दूत आला, १९१८ला सुरू झालेलं उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचं. म्हणजे मराठवाड्यातल्या शिकलेल्या माणसाला हे कागद वाचता येत होते, पण त्याला मराठी छापखाना आणि मराठी वाचक मिळेपर्यंत १७ सप्टेंबर १९४८, म्हणजे निजामाची राजवट संपल्याचा दिवस, उजाडला. १९५८ला औरंगाबादेत विद्यापीठ झालं, तोवर उर्दू वाचणारी पिढी उताराला लागली होती. मधल्या सांध्यावर उभे असलेले सेतुमाधवराव पगडी निलंग्याचे, हैदराबादच्या मुलकी सेवेतले. मोगल दरबारची फारसी बातमीपत्रं आणि तवारिखा, म्हणजे इतिहासग्रंथ, त्यांनी मराठीत आणल्या. त्यांचा ओढा मराठे-मोगल लढाईकडे होता, जनान्याकडे नव्हता. तरीही त्या भाषांतरांत बायका इकडून तिकडून डोकावतातच, एखाद्या ओळीपुरत्या.

जैनाबादीचा आंबा तरी आपल्यापर्यंत कसा पोचला? ती गोष्ट ज्या 'मआसिरुल उमरा'त आहे, तो उमरावांचा चरित्रकोश औरंगाबादेतच लिहिला गेला. लेखक शाहनवाजखान, निजामाचा दिवाण. १७५८ला औरंगाबादेतच त्याचा खून झाला, घर लुटलं गेलं आणि हस्तलिखिताची पानं विखुरली. त्याचे मित्र आझाद बिलग्रामी वर्षभर ती शोधत राहिले. जमतील तेवढी गोळा केली, जुळवली, आणि पुढे शाहनवाजच्या मुलाने त्यात भर घातली. आझादांची कबर खुलताबादेत आहे. ज्याने पेला ओठांशी नेला होता, तोही तिथेच पुरलेला आहे.