चरित्र अभिनेता (ठाणे परिसरातील कारकीर्द)

कथेचा नायक नसूनही वय, हुद्दा, बोली आणि स्वभाव यांसह एक संपूर्ण माणूस उभा करणाऱ्या नटाला चरित्र अभिनेता म्हणतात. गावचा पाटील, न्यायाधीश, पोलीस आयुक्त, मुलीचा बाप, घरातले आजोबा ही त्याची नेहमीची कामे. नायकाची कारकीर्द बहुधा तारुण्याशी बांधलेली असते. चरित्र अभिनेत्याची मात्र पन्नाशीनंतरही भरात येऊ शकते, कारण पिकलेले केस आणि मुरलेला आवाज हेच त्याचे भांडवल असते.

ठाणे आणि नवी मुंबईत अशा नटांची वस्ती मोठी आहे. मासुंदा तलावाकाठचे गडकरी रंगायतन १९७८ मध्ये सुरू झाले. पुढे घोडबंदर रस्त्याच्या बाजूला डॉ. काशिनाथ घाणेकर नाट्यगृह आणि वाशीत विष्णुदास भावे नाट्यगृह यांची भर पडली. एकांकिका स्पर्धा, राज्य नाट्य स्पर्धा, मग व्यावसायिक नाटक आणि शेवटी कॅमेरा, असा येथील अनेकांचा क्रम राहिला. मुंबई दूरदर्शन केंद्र १९७२ मध्ये सुरू झाले असले, तरी रोजच्या कामाची शक्यता निर्माण झाली ती खासगी मराठी वाहिन्या आल्यावर. घोडबंदर परिसरातील स्टुडिओंत आणि भाड्याच्या बंगल्यांत मालिकांचे सेट लागू लागले, तेव्हा दिवसा चित्रीकरण आणि रात्री गडकरीला प्रयोग ही कसरत ठाणेकर नटाला निदान अंतराच्या दृष्टीने तरी जमण्यासारखी झाली.

या कामातील कस प्रेक्षकाला सहसा दिसत नाही. कौटुंबिक मालिकेतील जेवणाचा प्रसंग आधी सगळ्यांसह एकत्र घेतला जातो आणि मग एकेकाचा क्लोजअप, म्हणजे चेहरा जवळून टिपणारे दृश्य, घेतला जातो. आजोबांच्या वाट्याला दोनच वाक्ये असली, तरी इतरांच्या क्लोजअपच्या वेळी कॅमेऱ्याबाहेर बसून त्यांना त्याच सुरात क्यू, म्हणजे पुढचे वाक्य सुरू करण्याचा शाब्दिक इशारा, द्यावा लागतो; स्वतःची पाळी येते तेव्हा घास कोणत्या शब्दावर उचलला होता, चष्मा नाकावर होता की हातात, हे सारे कंटिन्युटीसाठी, म्हणजे जोडलेल्या दृश्यांत सलगता दिसावी म्हणून, जसेच्या तसे करावे लागते आणि तरीही प्रतिक्रिया ताजी दिसावी लागते. प्रस्तुत लेखकाच्या मते चरित्र अभिनेत्याची खरी परीक्षा संवादात नसून या ऐकण्यात आहे.

ठाण्यात राहिलेले रवी पटवर्धन (१९३७–२०२०) यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यासण्यासारखी आहे. रिझर्व्ह बँकेतील नोकरी सांभाळून त्यांनी रंगभूमी जोपासली. भारदस्त देहयष्टी आणि खर्जातील आवाज यांमुळे चित्रपटांत पाटील, न्यायाधीश, पोलीस अधिकारी अशा अधिकारी पुरुषांच्या भूमिका त्यांच्याकडे येत राहिल्या. साचा ठरून जाणे हा या व्यवसायातील मोठा धोका. तो मोडण्याची संधी त्यांना मुख्यतः नाटकाने दिली. ‘आरण्यक’मधील धृतराष्ट्र त्यांनी १९७०च्या दशकात रंगवला आणि ऐंशी वर्षे ओलांडल्यावर तीच भूमिका पुन्हा केली. दूरचित्रवाणीवरील अखेरच्या काळातील आजोबांनी त्यांना नव्या पिढीच्या घराघरांत नेले.

उत्पन्नाची बाजू अस्थिर आहे. नाटकात प्रयोगामागे ‘नाइट’, म्हणजे त्या एका प्रयोगाचे मानधन, मिळते, मालिकेत दिवसाच्या हिशोबाने मानधन ठरते आणि ते बहुधा नव्वद दिवसांनी हाती पडते. महिन्यात किती दिवस बोलावणे येईल हे कथेचा ट्रॅक कोणाकडे वळतो यावर अवलंबून असल्याने बँक, महापालिका किंवा शाळेतील नोकरी धरून ठेवण्याची जुन्या पिढीची रीत शहाणपणाची होती.

करोनाकाळात हा प्रश्न उघडा पडला. २०२०च्या मे अखेरीस चित्रीकरणाला परवानगी देताना राज्य शासनाने ६५ वर्षांवरील कलाकारांना सेटवर मज्जाव केला. मालिकांतील आजी-आजोबा त्यामुळे कथेतून अचानक नाहीसे झाले आणि ज्यांचे पोट केवळ याच कामावर होते, त्यांची मिळकत थांबली. ही अट मुंबई उच्च न्यायालयाने त्याच वर्षी ऑगस्टमध्ये रद्द ठरवली.