नोटा छापून का भागत नाही? अर्जेंटिनाची सहा वर्षं

नाशिकरोडला राहणाऱ्याला बाहेरगावचे पाहुणे हमखास विचारतात: नोटांचा प्रेस तुमच्याकडे, मग सरकार लागतील तेवढ्या नोटा छापून का घेत नाही? किती छापायच्या हे प्रेस ठरवत नाही, एवढं इथल्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. पुढचं उत्तर अर्जेंटिनात सापडतं.

२४ मार्च १९७६ रोजी तिथे लष्कराने सत्ता बळकावली. हजारो माणसं बेपत्ता झाली, ते जगाला माहीत आहे. खतावणीत काय घडलं, ते कमी बोललं जातं. अर्थमंत्री मार्तिनेझ दे होझ यांच्या काळात पेसोचा, म्हणजे तिथल्या चलनाचा, भाव चढा राहिला आणि आयात मोकळी झाली. डॉलर इतका स्वस्त झाला की मध्यमवर्गीय मंडळी मायामीला जाऊन एकाच्या जागी दोन-दोन वस्तू उचलू लागली, आणि इकडे देशी कारखान्यांना कुलपं लागली. परदेशी कर्ज सुमारे ८ अब्ज डॉलरवरून १९८३ पर्यंत ४५ अब्जांच्या घरात गेलं. त्यात खासगी कंपन्यांची कर्जंही होती. १९८२ मध्ये त्यांचा मोठा भार सरकारने स्वतःच्या डोक्यावर घेतला. त्याच वर्षी ब्रिटनशी फॉकलंड बेटांसाठीचं युद्ध हरल्यावर सेनापतींना काढता पाय घ्यावा लागला.

१० डिसेंबर १९८३ ला राऊल आल्फोन्सिन राष्ट्राध्यक्ष झाले. लोकशाहीने नुसतं मत देता येत नाही, पोटही भरतं, शिक्षण आणि उपचारही मिळतात, असं ते प्रचारात सांगत. जेवून गेले सेनापती, आणि बिल फाडलं गेलं आल्फोन्सिन यांच्या नावाने.

वर्षभरात महागाई ६०० टक्क्यांच्या पुढे गेली. जून १९८५ मध्ये सरकारने चलनच बदललं: १००० पेसोंचा १ ऑस्ट्राल. किमती आणि पगार गोठवले, आणि तूट, म्हणजे कमाईपेक्षा जास्त झालेला सरकारी खर्च, भरायला यापुढे नोटा छापणार नाही, असा शब्द दिला. नव्या नोटा तयार नव्हत्या म्हणून आधी जुन्या पेसोंवरच ऑस्ट्रालचे शिक्के मारले. (आपण फार हसू नये. आपल्याकडेही १९९७ पर्यंत केंद्राची तूट अ‍ॅड हॉक ट्रेझरी बिलं (सरकारचे अल्पमुदतीचे कर्जरोखे) घेऊन रिझर्व्ह बँक जवळजवळ आपोआप भरून देत असे.)

काही महिने महागाई खरंच उतरली. त्याच वर्षी आल्फोन्सिन यांच्या कारकिर्दीत हुकूमशहांवर खटला चालला आणि शिक्षाही झाल्या. माझ्या मते त्यांचं खरं मोठेपण तिथे आहे. पण तूट मिटेना. सरकारी कंपन्या तोट्यात, कर्जाचं व्याज डोक्यावर. धान्याचे जागतिक भाव पडले, आणि शेतमाल विकून डॉलर कमावणाऱ्या देशाचं तेव्हा काय होतं हे लासलगाव-पिंपळगावला सांगायला नको. कामगार संघटनांनी आल्फोन्सिन यांच्या कारकिर्दीत १३ देशव्यापी संप केले. १९८७ च्या ईस्टरला लष्करातल्या एका गटाने बंड केलं. एवढ्या ओढाताणीत पगार कापायचे कुणाचे? कर तिजोरीत येईपर्यंत त्याची किंमत निम्मी व्हायची, म्हणून तूट वाढायची, म्हणून पुन्हा छपाई.

फेब्रुवारी १९८९ मध्ये मध्यवर्ती बँकेने डॉलर विकणं थांबवलं आणि ऑस्ट्राल कोसळला. दुकानांतल्या किमती दिवसातून अनेकदा बदलू लागल्या. सामान उचलून गल्ल्यापर्यंत पोचेस्तोवर भाव वाढलेला. मे महिन्यात रोझारिओ शहरात अन्नासाठी दुकानं लुटली गेली. एकट्या जुलैत किमती जवळपास तिपटीला पोचल्या. वर्षाची महागाई ३००० टक्क्यांहून जास्त.

आल्फोन्सिन यांनी मुदतीच्या पाच महिने आधीच, ८ जुलैला, विरोधी पक्षाच्या कार्लोस मेनेम यांच्याकडे सूत्रं दिली. १९१६ नंतर प्रथमच तिथे एका निवडून आलेल्या राष्ट्राध्यक्षाने दुसऱ्या पक्षाच्या निवडून आलेल्या राष्ट्राध्यक्षाला सत्ता सोपवली होती. लष्कर बराकीतच राहिलं.

मेनेम यांनी टेलिफोन आणि विमान कंपन्या विकल्या, आणि एप्रिल १९९१ मध्ये १०,००० ऑस्ट्राल बरोबर १ डॉलर असं कायद्यानेच बांधून टाकलं. तोवर ५ लाख ऑस्ट्रालची नोट चलनात आली होती. १९९२ मध्ये नवा पेसो आला, तेव्हा तिचे झाले ५० पेसो.