कस्क ईल हा ईल नव्हे

‘नावात ईल, अंग सापासारखं, म्हणजे कस्क ईल हा मासा ईलच’ हा समज जुना आहे, आणि आकार पाहता साहजिकही. पण खरे ईल अँग्विलिफॉर्मिस गणातले, कस्क ईल ऑफिडिइफॉर्मिस गणातला.

खात्री करायची तर माशाच्या गळ्याखाली पाहा. बहुतेक कस्क ईलना तिथे मिशांसारखे तंतू दिसतात, पुष्कळदा दुभंगलेले. त्या मिशा नाहीतच. ते पार पुढे सरकलेले श्रोणिपक्ष, म्हणजे पोटाकडच्या परांची जोडी. मला तर ही रचना विलक्षण वाटते! आजच्या कुठल्याही खऱ्या ईलला ही जोडी नसते. शेपटीपर्यंत सलग गेलेला पर मात्र बहुधा दोघांनाही असतो, त्यावरून ठरवू नका.

पूर्वी कस्क ईलना कॉड माशांचे नातलग मानत. आता ते पर्चसारख्या माशांच्या मोठ्या समूहात, पर्कोमॉर्फात, धरले जातात.