‘लाईट गेली’, ‘लाईट घे’ आणि समुद्रातली लाईट

कोकणात ‘लाईट’ म्हटल्याशिवाय दिवस सरत नाही. पावसात आंब्याची फांदी तारेवर पडली की ‘लाईट गेली’. महावितरणचं येतं ते लाईटबिल, रस्त्याकडेला असतो तो लाईटीचा खांब. तापातून उठलेल्याला लाईट जेवण म्हणून पेज देतात, फिक्या रंगाची साडी लाईट कलरची होते, आणि चिडलेल्या मित्राला मुलं सांगतात, ‘लाईट घे रे.’ अलीकडे बंदरावर ‘लाईटवाले’ हा शब्द रागानं उच्चारला जातो. ती कथा शेवटी येईल.

मुळात हा एक शब्द नाहीच. इंग्रजीत उजेडाचा ‘लाईट’ वेगळा आणि हलकेपणाचा ‘लाईट’ वेगळा. हजार वर्षांपूर्वीच्या इंग्रजीतच त्यांचे उच्चार जुळून आले आणि पुढे स्पेलिंगही एकच राहिलं. जर्मन भाषेत ते आजही निराळे आहेत: उजेड तो ‘लिख्ट’ आणि हलकं ते ‘लाइख्ट’. इंग्रजी स्पेलिंगमधली आज मुकी असलेली ‘जी-एच’ ही अक्षरं पूर्वी अशीच ‘ख’च्या जवळपास उच्चारली जात.

मला या शब्दाची खरी ओढ लागली ती इथून पुढे. दोन्ही ‘लाईट’चे भाऊबंद आपल्या घरात आधीपासून आहेत. हलक्या ‘लाईट’चा संस्कृतातला भाऊ म्हणजे ‘लघु’. त्या मुक्या ‘जी-एच’च्या जागी आपला ‘घ’ अजून ठणठणीत वाजतो. ‘लघुक’मधल्या अक्षरांची अदलाबदल होऊन प्राकृतातून मराठीत ‘हलका’ आला. म्हणजे ‘लाईट’ आणि ‘हलका’ दूरचे का होईना, नातलग आहेत. उजेडाच्या ‘लाईट’चं नातं ‘रुच्’ या धातूशी. त्याचा पहिला अर्थ चमकणं, मग आवडणं. डोळा या अर्थाचा ‘लोचन’ त्याच कुळातला. बांगड्याचं तिखलं आपल्याला रुचतं, तेव्हा त्या ‘रुचण्या’त हाच जुना उजेड असतो.

हलक्या ‘लाईट’चं गोत फार पसरलं आहे. फुप्फुसाचं इंग्रजी नाव ‘लंग’ याच मुळाचं, कारण फुप्फुस हलकं असतं. खाटकाकडच्या फुप्फुसांना तर इंग्रजीत सरळ ‘लाईट्स’ म्हणत. खोल पाण्यात थांबलेल्या जहाजाचा भार हलका करणारी सपाट बुडाची होडी ती ‘लायटर’. कोकणाला हे काम चांगलं ठाऊक आहे. आगबोटी आत खाडीत शिरू शकत नसत, तिथे माणसं आणि माल पडावातून किनाऱ्याला येत; आज धरमतर खाडीत बार्ज तेच करतात. विडी पेटवायचा लायटर मात्र उजेडाच्या कुळातला.

इंग्रजी बोलीत दारू चढलेला माणूस ‘लिट’, म्हणजे पेटलेला. आजची पोरं तोच शब्द झकास या अर्थानं वापरतात. आपल्याकडच्या बोलण्यात भर पडली ती ‘ट्यूबलाईट’ची. चोक आणि स्टार्टरवाली जुनी नळी लुकलुकून मग पेटायची, व्होल्टेज कमी असलं तर फारच वेळ लावायची. ज्याला गोष्ट उशिरा कळते तो म्हणून ट्यूबलाईट.

विजेलाच ‘लाईट’ का म्हणू लागलो, याचं उत्तर घराघरात आहे. वीज आली तेव्हा तिचा पहिला, आणि बराच काळ एकमेव उपयोग दिवा हाच होता. कंदील, चिमणी, गॅसबत्ती यांची जागा बल्बनं घेतली आणि प्रवाहालाच दिव्याचं नाव मिळालं. भरदुपारी पंप बंद पडला तरी आपण लाईट गेली म्हणतो ते त्यामुळे. ‘गेली’ हे स्त्रीलिंग, माझ्या मते, ‘वीज’ आणि ‘बत्ती’ यांच्या संगतीनं आलं. कोयनेचं पाणी सह्याद्रीच्या पोटातून पश्चिमेला वळवून चिपळूण तालुक्यातल्या पोफळीला १९६२ साली वीज तयार होऊ लागली. कोयना प्रकल्पाची क्षमता पुढे १,९६० मेगावॉटवर गेली. तरी कोकणातल्या कित्येक वाड्यांवर त्यानंतरही बरीच वर्षं कंदीलच होता. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळानं रायगड आणि उत्तर रत्नागिरीत खांब आडवे केले, तेव्हा गावंच्या गावं कित्येक दिवस पुन्हा त्याच काळोखात बसली.

समुद्रावर लाईटचा अर्थ पूर्वी एकच होता: वाट दाखवणारा दिवा. अलिबागजवळच्या खांदेरी बेटावरचं दीपगृह १८६७ पासून ते काम करतं आहे. आता दुसरा अर्थ आला आहे. झगझगीत एलईडी दिव्यांच्या उजेडाकडे बारीक जीव ओढले जातात, त्यांच्यामागे तारली, बांगडा, माकूल येतात, आणि मग पर्ससीन जाळं सगळ्यांना एकदम वेढतं. त्यात अंगठ्याएवढी पिल्लंही जातात. केंद्र सरकारनं नोव्हेंबर २०१७ मध्ये अशा मासेमारीवर बंदी घातली, महाराष्ट्रानं २०२१ मध्ये १९८१च्या सागरी मासेमारी कायद्यात दुरुस्ती करून दंड वाढवला. तरी तक्रारी थांबलेल्या नाहीत. पारंपरिक मच्छीमाराचं गाऱ्हाणं मला खरं वाटतं, कारण त्याच्या छोट्या होडीला उरलेल्या पाण्यातच जाळं टाकावं लागतं. चांदण्यात हे दिवे तितके चालत नाहीत. म्हणून आवसेच्या आसपास, समुद्र सगळ्यात काळा असतो तेव्हा, किनाऱ्यावरून क्षितिजाशी पांढरा उजेड दिसतो आणि लोक म्हणतात, ‘आज लाईटवाले आलेत.’