वर्णभेदविरोधी ग्रंथ, दक्षिण आफ्रिकेतील

दक्षिण आफ्रिकेतील गोऱ्या राजवटीने लादलेल्या वंशविभाजनाविरुद्धच्या लढ्यातून आणि ती राजवट गेल्यानंतर उरलेल्या आठवणींतून निर्माण झालेले लेखन. त्यात आत्मचरित्रे, कादंबऱ्या, कविता, तुरुंगातील टिपणे आणि वृत्तांत असे सगळेच येते. ‘अपार्थाइड’ हा आफ्रिकान्स भाषेतला शब्द; त्याचा अर्थ ‘वेगळे असणे’. नॅशनल पार्टी १९४८ साली निवडून आली आणि हा शब्द सरकारी धोरण बनला. जमिनीचे आणि पासांचे (काळ्यांना फिरण्यासाठी परवाना बाळगायला लावणारे) कायदे मात्र त्याआधीचेच, त्यामुळे या ग्रंथपरंपरेचा आरंभही मागे जातो. ज्यांच्याविषयी ही पुस्तके लिहिली गेली, त्यांच्या हाती ती कित्येक दशके उघडपणे पडू शकली नाहीत. लेखन केपटाउनला किंवा जोहान्सबर्गला, छपाई लंडन, इबादान नाहीतर पूर्व बर्लिनला, आणि मायदेशी परत येणे चोरवाटेने. पुस्तकात काय आहे याइतकेच ते कुठून कसे आले हेही इथे महत्त्वाचे ठरते.

पहिला मोठा ग्रंथ सोल प्लाइकी यांचा. किंबर्लीत वृत्तपत्र चालवणारे हे संपादक १९१२ साली स्थापन झालेल्या, पुढे आफ्रिकन नॅशनल काँग्रेस म्हणून ओळखल्या गेलेल्या संघटनेचे पहिले सरचिटणीस होते. १९१३ च्या जमीन कायद्याने काळ्या बहुसंख्याकांना देशातल्या जेमतेम सात टक्के जमिनीत कोंडले (१९३६ साली ही मर्यादा तेरा टक्क्यांच्या आसपास गेली). गोऱ्यांच्या शेतांवर अर्धेलीने राबणारी कुटुंबे गुराढोरांसकट रस्त्यावर आली. प्लाइकी सायकलवर टांग टाकून या कुटुंबांना भेटत फिरले. एका कुटुंबाचे तान्हे मूल वाटेतच दगावले. पुरायला स्वतःची म्हणावी अशी हातभर जमीन नव्हती, म्हणून आईबापांनी रात्रीच्या अंधारात, कोणी पाहू नये अशा बेताने, परक्याच्या रानात खड्डा खणला. हा प्रसंग प्लाइकी फारसा आवाज न चढवता सांगतात. कायदा रद्द करावा म्हणून गेलेल्या शिष्टमंडळाबरोबर ते इंग्लंडला गेले आणि ‘नेटिव्ह लाइफ इन साउथ आफ्रिका’ हे पुस्तक १९१६ साली लंडनला निघाले. २० जून १९१३ च्या शुक्रवारी सकाळी जागा झालेला इथला माणूस गुलाम नव्हे, पण आपल्याच जन्मभूमीत ‘परिया’ ठरला होता, अशी त्याची सुरुवात आहे. ‘परिया’ हा शब्द तमिळ परैयर या जातिनामावरून इंग्रजीत गेलेला. वंशभेदावरच्या ग्रंथाच्या पहिल्याच वाक्यात जातीवरून घडलेला शब्द भेटतो, तिथे भारतीय वाचक थबकल्याशिवाय राहत नाही.

प्लाइकींची ‘म्हुडी’ ही कादंबरी दहाएक वर्षे प्रकाशकाची वाट पाहत पडून राहिली आणि १९३० साली लव्हडेलच्या मिशन छापखान्यातून काटछाट होऊन बाहेर आली. गांधीजींचा दक्षिण आफ्रिकेतल्या सत्याग्रहाचा इतिहास याच सुमाराचा. तो त्यांनी गुजरातीत, पुण्याच्या येरवडा तुरुंगात असताना सांगायला घेतला. तो तिथल्या भारतीयांच्या हक्कांचा इतिहास आहे. आफ्रिकी जनतेचा लढा त्याचा विषय नाही, त्यामुळे या परंपरेत त्याची जागा कडेलाच राहते.

ॲलन पेटन यांची ‘क्राय, द बिलव्हेड कंट्री’ फेब्रुवारी १९४८ मध्ये न्यूयॉर्कला आली. मे महिन्यात नॅशनल पार्टी जिंकली. पेटन काळ्या मुलांच्या सुधारगृहाचे प्रमुख होते आणि कादंबरीची सुरुवात त्यांनी नॉर्वेतल्या ट्रॉन्डहाइमच्या मुक्कामात केली. जगाला दक्षिण आफ्रिकेचे दुखणे कळले ते बरेचसे या पुस्तकामुळे. पण तिच्यातला काळा पाद्री जरा जास्तच सोशिक आहे, ही काळ्या समीक्षकांची तक्रार रास्त वाटते. तिच्याआधी दोन वर्षे आलेली पीटर अब्राहम्स यांची ‘माइन बॉय’ खाणीतल्या मजुराच्या बाजूने अधिक जवळून पाहते.

जोहान्सबर्गचे सोफियाटाउन हे उपनगर या साहित्याचे माहेर म्हणावे लागेल. काळ्या माणसाला स्वतःच्या नावावर घर घेता येईल अशा मोजक्या वस्त्यांपैकी ही एक होती. दाटीवाटीची, गुंडगिरीची, दारूच्या चोरट्या अड्ड्यांची आणि जॅझची. १९५१ साली सुरू झालेल्या ‘ड्रम’ मासिकाभोवती कॅन थेम्बा, ब्लोक मोडिसाने, लुईस न्कोसी, एस्किया म्पाहलेले असे लेखक जमले. ९ फेब्रुवारी १९५५ रोजी सुमारे दोन हजार सशस्त्र पोलीस वस्तीत उतरले आणि घरे रिकामी करून माणसे ट्रकांत भरून शहराबाहेरच्या मेडोलँड्स वस्तीत नेऊन टाकली. रिकाम्या जागेवर गोऱ्यांसाठी नवी वसाहत झाली. तिचे नाव ‘ट्रिओम्फ’, म्हणजे विजय. वस्तीबरोबर आपल्यातलेही काहीतरी मेले, असे मोडिसाने ‘ब्लेम मी ऑन हिस्टरी’मध्ये लिहितात. ते पुस्तक १९६३ साली लंडनला निघाले, तोवर ते स्वतःही देश सोडून गेले होते.

बंदीची यंत्रणा दुहेरी होती. १९६३ आणि १९७४ च्या प्रकाशन कायद्यांनी पुस्तकावर बंदी येई. काही पुस्तके नुसती घरात ठेवणेही गुन्हा होता. दुसरीकडे साम्यवाद दडपण्याच्या १९५० च्या कायद्याखाली माणसावरच बंदी येई, आणि मग त्याचे एक वाक्यही छापता येत नसे. १९६६ मध्ये परागंदा झालेल्या बऱ्याच लेखकांची नावे या यादीत घातली गेली आणि काळ्या लेखकांची एक अख्खी पिढी देशातल्या वाचकांपुरती पुसली गेली. ग्रंथपालांकडे ‘जेकबसन्स इंडेक्स’ नावाचा सुट्या पानांचा जाडजूड ठोकळा असे. नवी बंदी आली की त्यात नवे पान अडकवायचे. केपटाउनच्या ॲलेक्स ला गुमा यांची ‘अ वॉक इन द नाइट’ नायजेरियात, इबादानला छापली गेली (१९६२), पुढची कादंबरी पूर्व बर्लिनला. ती लिहिणारा माणूस नजरकैदेत होता.

तुरुंग हे या ग्रंथांचे दुसरे घर. पत्रकार रूथ फर्स्ट यांनी खटल्याविना कोंडून ठेवलेल्या दिवसांवर ‘११७ डेज’ (१९६५) लिहिले. १७ ऑगस्ट १९८२ रोजी मोझांबिकची राजधानी मापुटो येथे पार्सलमधून आलेल्या बाँबने त्यांचा जीव घेतला. रॉबेन बेटावरच्या तुरुंगात नेल्सन मंडेला १९७५ च्या सुमारास रात्री जागून आत्मचरित्र लिहीत. सोबतचे कैदी अहमद कथ्राडा आणि वॉल्टर सिसुलू पाने वाचून सूचना करत, आणि मॅक महाराज व लालू चिबा ती मुंगीएवढ्या अक्षरांत उतरवून काढत. फुलस्केपची दहा पाने एका चिठोऱ्यात बसत. १९७६ मध्ये सुटताना महाराजांनी ही नक्कल वह्यांच्या बांधणीत दडवून बाहेर नेली. मूळ हस्तलिखित कोकोच्या डब्यांत घालून अंगणात पुरले होते. तिथे भिंतीचे खोदकाम निघाले, डबे सापडले, आणि मंडेला, सिसुलू व कथ्राडा यांची अभ्यासाची सवलत चार वर्षांसाठी गेली. त्या मजकुराच्या पायावर उभे राहिलेले ‘लाँग वॉक टु फ्रीडम’ १९९४ साली प्रसिद्ध झाले.

याच बेटावरचे आणखी एक पुस्तक मुळात लढ्याचे नव्हेच. डर्बनचे सनी वेंकटरत्नम यांच्याकडे शेक्सपिअरच्या समग्र नाटकांचा एक खंड होता. तो जप्त होऊ नये म्हणून त्यांनी त्याला दिवाळीची भेटकार्डे चिकटवली. देवादिकांची रंगीत चित्रे पाहून पहारेकऱ्यांना हा हिंदूंचा धर्मग्रंथ वाटला. खंड कोठड्यांतून फिरला आणि वाचणाऱ्यांनी आवडत्या ओळींशेजारी सह्या केल्या. मंडेलांची सही ‘ज्युलिअस सीझर’मधल्या, भित्रा मरणाआधी अनेकदा मरतो, या ओळींजवळ आहे, तारीख १६ डिसेंबर १९७७. सिसुलूंनी ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधल्या शायलॉक या ज्यू सावकाराचा, मुकाट सोसण्याविषयीचा उतारा निवडला.

सत्तरच्या दशकात सूर बदलला. स्टीव्ह बिको ‘फ्रँक टॉक’ या टोपणनावाने विद्यार्थी संघटनेच्या पत्रिकेत लिहीत. १२ सप्टेंबर १९७७ रोजी पोलिसांच्या ताब्यात त्यांचा मृत्यू झाला आणि पुढच्या वर्षी ‘आय राइट व्हॉट आय लाइक’ हा संग्रह निघाला. गोऱ्यांची सहानुभूती मागण्यापेक्षा काळ्या माणसाने आधी स्वतःच्या मनातला कमीपणा काढून टाकावा, हा त्याचा रोख. १९७८ मध्ये रावन प्रेसने ‘स्टाफरायडर’ मासिक काढले. आगगाडीच्या बाहेर लोंबकळत, टपावर चढून फुकट प्रवास करणाऱ्या पोरांना तिथे स्टाफरायडर म्हणतात. मुंबईच्या लोकलवाल्यांना निराळे समजावून सांगायला नको. पहिल्याच अंकावर बंदी आली. मिरिअम त्लाली यांची ‘म्युरिअल ॲट मेट्रोपॉलिटन’ (१९७५) हप्त्याने फर्निचर आणि रेडिओ विकणाऱ्या दुकानातल्या कारकून बाईची गोष्ट आहे. तिच्यातला वर्णभेद उधारीच्या कार्डांतून आणि गोऱ्या सहकारणींशी होणाऱ्या रोजच्या कुरबुरींतून दिसतो, आणि म्हणूनच तो अंगावर येतो. आंद्रे ब्रिंक यांच्या कादंबरीवर १९७४ मध्ये बंदी आली तेव्हा आफ्रिकान्स भाषेचे कवच गळून पडले. राज्यकर्त्यांच्या भाषेतले पुस्तक तोवर सुरक्षित मानले जाई. नेडिन गॉर्डिमर यांच्या ‘बर्गर्स डॉटर’वरची बंदी १९७९ सालीच काही महिन्यांत उठली. काळ्या लेखकांना ही सवलत मिळत नाही, हे त्यांनी स्वतःच बोलून दाखवले.

१९९४ साली सर्वांना मताधिकार असलेली पहिली निवडणूक झाली आणि गोरी राजवट संपली. त्यानंतरच्या पुस्तकांना शत्रू समोर दिसत नाही. वर्णभेदाच्या काळातल्या अत्याचारांची चौकशी करणाऱ्या सत्यशोधन आयोगाच्या सुनावण्या १९९६ मध्ये सुरू झाल्या. रेडिओसाठी त्यांचे वार्तांकन करणाऱ्या आफ्रिकान्स कवयित्री आन्ची क्रोख यांनी ‘कंट्री ऑफ माय स्कल’ (१९९८) मध्ये साक्षी आणि स्वतःची लाज शेजारी ठेवली. जेकब ड्लामिनी यांच्या ‘नेटिव्ह नॉस्टॅल्जिया’ने (२००९) वर्णभेदाच्या काळातल्या काळ्या वस्तीतले बालपण प्रेमाने आठवले आणि वाद ओढवून घेतला. ट्रेव्हर नोआ यांच्या ‘बॉर्न अ क्राइम’चे (२०१६) नाव शब्दशः खरे आहे: आई काळी, खोसा समाजातली, वडील गोरे, जन्म १९८४ चा, आणि असे संबंध गुन्हा ठरवणारा कायदा रद्द झाला १९८५ मध्ये.

मार्लेना फान नीकर्क यांची ‘ट्रिओम्फ’ ही कादंबरी १९९४ चीच, आफ्रिकान्समधली. सोफियाटाउन पाडून वसवलेल्या त्याच वसाहतीत एक गरीब, कर्जबाजारी गोरे कुटुंब निवडणुकीची वाट पाहत राहते. मुलगा घराखाली खड्डा खणत असतो. फावड्याला जुन्या घरांच्या विटा लागतात, आणि वस्ती उठवताना मागे राहिलेल्या कुत्र्यांची हाडे. वसाहतीला सोफियाटाउन हे नाव २००६ मध्ये परत मिळाले.