लांबचा फोन आणि पलीकडचा फोन

विज्ञानकथेत एक यंत्र हमखास भेटतं. बटण दाबलं, पडदा उजळला, समोरून आवाज आला: "बोला, ऐकतोय." बोलणारा कधी चाळीस प्रकाशवर्षांवरच्या ग्रहावर असतो, कधी 'दुसऱ्या मितीत'. वाचक दोन्ही यंत्रं एकाच खात्यात जमा करतो आणि लेखकही बऱ्याचदा तेच करतात. खरं तर ही दोन वेगळ्या दुखण्यांवरची औषधं आहेत. एकाचं दुखणं उशीर. दुसऱ्याचं दुखणं असं, की वाटच नाही.

पहिल्या यंत्राला 'ॲन्सिबल' म्हणतात. हा शब्द उर्सुला ले ग्विन यांनी १९६६ मध्ये घडवला आणि पुढे इतर लेखकांनी तो बिनदिक्कत उचलला. त्याची गरज का पडते, हे कळायला आपला चंद्र पुरे. रेडिओलहर सेकंदाला सुमारे २,९९,७९२ किलोमीटर धावते, म्हणजे चंद्रावर जायला सव्वा सेकंद आणि परत यायला तेवढाच. अपोलो मोहिमांची ध्वनिमुद्रणं ऐका: पृथ्वीवरच्या ह्यूस्टन नियंत्रण कक्षाचा प्रश्न संपतो, मग अडीच सेकंद नुसती खरखर, मग उत्तर. मंगळापर्यंत निरोप जायला ३ ते २२ मिनिटं लागतात, सौरमालेबाहेर निघालेल्या व्हॉयेजर-१ यानाकडे २३ तासांहून जास्त. सूर्यानंतरचा सर्वांत जवळचा तारा प्रॉक्सिमा, तिथे सव्वाचार वर्षं. "कशी आहेस?" आणि "बरी आहे" यांच्यात साडेआठ वर्षं गेली! ॲन्सिबल ही साडेआठ वर्षं पुसून टाकतं, बस. दोन्ही टोकं एकाच विश्वात असतात आणि नेटाने प्रवास केला तर पलीकडच्या माणसाला प्रत्यक्ष भेटताही येतं.

किंमत मात्र जबर आहे. प्रकाशापेक्षा वेगवान निरोप शक्य मानला तर कार्यकारणभावाची उलथापालथ होते, हे आइनस्टाइन यांनी १९०७ मध्येच दाखवलं होतं. अशी दोन यंत्रं वेगाने एकमेकांपासून दूर जाणाऱ्या यानांवर बसवली, तर प्रश्न विचारण्याआधी उत्तर हातात पडू शकतं. कथाकार इथे डोळेझाक करतात आणि मला त्यात काही गैर वाटत नाही. गैर वाटतं ते 'क्वांटम एन्टँगलमेंट'चं नाव पुढे करून सुटका करून घेण्याचं. गुंतलेल्या दोन कणांची मापनं एकमेकांशी जुळतात, हे खरं. पण आपल्या टोकाला काय येईल ते आपल्या हातात नसतं, मग त्यात निरोप कसा भरणार? जुळणी झालीय हे कळायलासुद्धा दोन्हीकडच्या नोंदींच्या वह्या साध्या मार्गाने एकत्र आणाव्या लागतात.

आता दुसरं यंत्र, मितीपार बोलणारं. इथे घोळ 'मिती' या शब्दापासूनच सुरू होतो. भौतिकीत मिती म्हणजे दिशा: लांबी, रुंदी, उंची. ती जागा नव्हे. 'तो दुसऱ्या मितीत राहतो' हे 'तो रुंदीत राहतो' म्हणण्यासारखं आहे. गणितज्ञ कालुझा यांनी १९२१ मध्ये अवकाशाला आणखी एक मिती जोडून पाहिली, भौतिकशास्त्रज्ञ क्लाइन यांनी १९२६ मध्ये ती अतिसूक्ष्म गुंडाळलेली मानली. पुढे अशीही कल्पना आली की आपलं विश्व म्हणजे मोठ्या अवकाशातला एक पापुद्रा असावा. प्रकाश, रेडिओ, आपण सगळे त्याला चिकटलेले, फक्त गुरुत्वाकर्षण बाहेर झिरपू शकतं. शेजारच्या पापुद्र्यावर कुणी असलंच, तर त्याच्याशी गुरुत्वलहरींतूनच, म्हणजे अवकाशातच उठणाऱ्या तरंगांतून, बोलावं लागेल. पण सप्टेंबर २०१५ मध्ये पहिली गुरुत्वलहर सापडली तेव्हाचा हिशेब बघा: दोन कृष्णविवरं एकमेकांत विलीन झाली, सुमारे तीन सूर्यांएवढं वस्तुमान लहरींत खर्ची पडलं आणि इथे ४ किलोमीटर लांबीच्या नळीत प्रोटॉनच्या व्यासाच्या जेमतेम हजाराव्या भागाच्या आसपास हालचाल झाली. एका 'हॅलो'ला हा खर्च.

कथेतली 'दुसरी मिती' बहुतेक वेळा ही नसतेच. ती असते समांतर विश्व: जिथे तुम्ही ती नोकरी सोडली नाही, ती गाडी चुकली नाही. तिला आधार मिळतो क्वांटम यांत्रिकीच्या, म्हणजे अणू-कणांच्या नियमांच्या, भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये केलेल्या मांडणीतून. मापनाच्या वेळी सगळ्याच शक्यता घडतात, प्रत्येक आपापल्या फांदीवर. ही फांदी दूर नसते, याच टेबलाशी असते. म्हणून मी साधी कसोटी वापरतो: पलीकडचा किती किलोमीटरवर आहे, हे विचारावं. ॲन्सिबलवाल्याकडे आकडा असतो, दुसऱ्याच्या बाबतीत प्रश्नच निरर्थक ठरतो. शिवाय या दुसऱ्या यंत्राला वेगाची गरजच नाही. उत्तर तीन आठवड्यांनी, खरखरत, अर्धवट आलं तरी चमत्कार तेवढाच.

इतकं वेगळं असूनही या दोघांच्या वाटेत कुंपण मात्र एकच आहे. क्वांटम यांत्रिकीची समीकरणं रेषीय आहेत. दोन शक्यता शेजारून जातात, पण एकमेकींच्या वाढीत ढवळाढवळ करत नाहीत. फांद्यांमधली भिंत ती हीच, आणि गुंतलेल्या कणांतून निरोप न जाण्यामागेही हाच नियम आहे. १९८९ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ स्टीव्हन वाईनबर्ग यांनी या समीकरणांना किंचित मुरड घालून पाहिली. १९९१ मध्ये जोसेफ पोल्चिन्स्की यांनी तिचा परिणाम तपासला: प्रकाशाहून वेगवान फोन तयार होतो, आणि तो अडवायचा म्हटलं तर समांतर फांद्यांमधला फोन सुरू होतो. याला त्यांनी 'एव्हरेट फोन' म्हटलं. हा फोन लावला तर पलीकडून उचलणारे तुम्हीच असाल, फांद्या फुटेपर्यंतच्या तुमच्या सगळ्या आठवणींसकट.

वाईनबर्ग यांची मुरड निसर्गात आहे का, हे बेरिलियमच्या आयनांवर (विद्युतभारित अणूंवर) १९८९ मध्येच तपासलं गेलं. उपकरणांच्या अचूकतेच्या मर्यादेत ती सापडली नाही.