कात्झेनजामर किड्स: नाव एकाचं, पोरं दोघांची

मूक कार्टूनपटांचा विषय निघाला की बहुतेक जण १९११च्या 'लिटल नीमो'पाशी रमतात. हजारो चित्रं हाताने काढून केलेलं ते काम थोर आहेच. पण वर्तमानपत्रातल्या चित्रमालिका पडद्यावर आणण्याचा धंदा बसला तो १९१५ ते १९१८ मध्ये, आणि त्यातला नफा कुणाच्या पदरात पडणार हे आधीच कोर्टात ठरून गेलं होतं.

'कात्झेनजामर किड्स' ही चित्रमालिका १८९७ साली न्यूयॉर्कच्या एका दैनिकात सुरू झाली. हान्स आणि फ्रिट्झ ही जर्मन धाटणीचं इंग्रजी बोलणारी दोन द्वाड पोरं. १९१२ साली चित्रकाराला युरोपला जायला लांब रजा हवी होती. त्यावरून मालकाशी बिनसलं, तो प्रतिस्पर्धी दैनिकाकडे निघाला आणि प्रकरण कोर्टात गेलं. निकाल असा: मालिकेचं नाव दैनिकाचं, पात्रं मात्र चित्रकारालाही काढायची मुभा. कागदावर हा न्याय वाटतो. प्रत्यक्षात लोक ओळखत होते ते नाव. दैनिकाने दुसरा चित्रकार बसवला आणि तीच पोरं जुन्या नावाखाली चालू ठेवली.

१९१५च्या अखेरीस त्याच मालकाने कार्टूनपटांचा स्टुडिओ काढला. १९१६ मध्ये 'क्रेझी कॅट' ही त्याची दुसरी चित्रमालिका पडद्यावर आली, वर्षअखेरीस 'कात्झेनजामर'ही. संवादाचे फुगे छापील मालिकेतल्यासारखेच पात्रांच्या डोक्यावर उमटत आणि प्रेक्षकांचं वाचून होईपर्यंत हालचाल थबकलेली असे. पोरांना जन्म देणारा तेव्हा दुसऱ्याच दैनिकात, वेगळ्या नावाखाली, तीच पोरं काढत होता.

याउलट, 'मट अँड जेफ' या दुसऱ्या एका चित्रमालिकेच्या चित्रकाराने १९०७ मध्येच सॅन फ्रान्सिस्कोचं दैनिक सोडताना शेवटच्या पट्ट्यांवर स्वतःच्या नावाने कॉपीराइटची ओळ लिहून ठेवली होती. म्हणून १९१६ पासून निघालेल्या कार्टूनपटांवर त्याचंच नाव झळकलं. चित्रं काढणारे हात मात्र बहुतांशी इतरांचे, आणि त्यांची दखल फारशी कुणी घेतली नाही, हेही सांगायलाच हवं.

१९१८ मध्ये पहिल्या महायुद्धातल्या जर्मनविरोधी लाटेत पोरांच्या दोन्ही मालिकांना नावं बदलावी लागली. दैनिकाची झाली 'शेनॅनिगन किड्स', चित्रकाराची 'कॅप्टन अँड द किड्स'. त्याच वर्षी स्टुडिओही बंद पडला. पुढे १९३८ मध्ये हॉलिवूडच्या एका बड्या स्टुडिओने बोलपट काढायला घेतले ते चित्रकाराच्या मालिकेवरून, पण ते वर्षभरातच थांबले. छापील मालिका मात्र १९७९ पर्यंत दोन्हीकडे समांतर चालल्या.